शिल्लक राहिलेला पेला

गेल्या महिन्याच्या दुसऱ्या रविवारी दुपारी चार वाजता शिवडीच्या दफनभूमीत आढाव मास्तरांना आम्ही माती दिली. हजर माणसं त्रेसष्ट. आमच्या ख्रिस्ती मंडळीतली अठ्ठावन्न, मास्तरांच्या शाळेतले जुने सहकारी चार, आणि सगळ्यांच्या मागे, दुसऱ्याच कुणाच्या तरी कबरीपाशी उभी असलेली त्यांची एकुलती एक मुलगी, रूथ. भाषणं पाच झाली. त्यांत 'प्रीती' हा शब्द एक्केचाळीस वेळा आला. विमा कंपनीत तेवीस वर्षं काढल्यावर माणसाला मोजायची सवय लागते, ती सुटत नाही. रूथचं नाव एकाही भाषणात आलं नाही. पाचवे वक्ते तर म्हणाले, "मास्तरांनी आपल्याला प्रीती करायला शिकवलं." ते म्हणत असताना मी मागे वळून पाहिलं. रूथ जमिनीकडे बघत होती.

मेलेल्या माणसाबद्दल चांगलं लिहावं असा रिवाज आहे. मी खरं लिहिणार आहे. मास्तरांना मी एकोणीस वर्षं ओळखत होतो, त्यांच्या गुरुवारच्या बायबल-वर्गाला बसत होतो, आणि त्यांतली शेवटची काही वर्षं मला त्यांचा मनापासून तिटकारा होता.

वर्ग परळला, आमच्या प्रार्थनामंदिराच्या बाजूच्या खोलीत भरायचा. मास्तरांचा लाडका विषय एकच. फळ्यावर पट्टी धरून ते चार चौकोन आखत. आपण एका शब्दात सगळं उरकतो, पण ग्रीक लोकांकडे प्रीतीला चार शब्द होते, असं ते सांगत. पहिल्या चौकोनात रक्ताच्या नात्याची माया. दुसऱ्यात मित्राची, तिथे दावीद आणि योनाथान. तिसऱ्यात नवराबायकोची ओढ, ती ते घाईघाईने आणि फळ्याकडे तोंड करून सांगत. चौथ्यात देवाची प्रीती, जी समोरचा लायक आहे की नाही हे विचारत नाही. या चौकोनाला त्यांच्याकडे उधळ्या मुलाची गोष्ट असे. मुलगा सगळं उडवून परत येतो आणि बाप त्याला दुरून पाहूनच धावत सुटतो. इथे मास्तर खडू खाली ठेवत. "धावला... लक्षात घ्या. त्या काळी घरच्या कर्त्या पुरुषानं धोतर आवरून रस्त्यानं धावणं म्हणजे बेअब्रू. त्यानं अब्रू सोडली आणि मुलगा धरला." आवाज असा लागायचा की बायका पदर डोळ्यांना लावत. खोटं कशाला सांगू, एकदा मीही रुमाल काढला होता.

पहिल्या चौकोनात सुरुवातीला रूथची गोष्ट असायची. नवरा मेल्यावरही सासूला न सोडणारी, सासूचे लोक तेच आपले लोक म्हणून तिच्यामागे परक्या देशात गेलेली ती सून. मास्तरांनी मुलीचं नाव तिच्यावरूनच ठेवलं होतं. मग मुलीने गिरणीत साचेवाला, म्हणजे मागावर कामाला असलेल्या वसंताशी रजिस्टर लग्न केलं आणि ती वरळीच्या बीडीडी चाळीत त्याच्या आईकडे राहायला गेली. म्हणजे गोष्टीतल्या रूथने जे केलं तेच. पुढच्या गुरुवारी चौकोन आखले गेले तेव्हा पहिल्यात दुसरंच उदाहरण होतं. कुणीही काही विचारलं नाही. पंचांनी ठराव केला की मंडळीबाहेर लग्न केल्यामुळे रूथचं नाव सभासदांच्या वहीतून कमी करावं. वही माझ्याकडे असते. मी पट्टी ठेवून लाल शाईने एक सरळ रेघ मारली.

आता एका गुरुवारबद्दल. संयुक्त महाराष्ट्रासाठी मुंबई पेटली होती, गोळीबार झाले होते, संचारबंदी होती. त्या दिवशी ती चार ते सहा एवढी दोन तास उठवली होती. लोक दूध आणि तांदूळ आणायला धावत होते. मास्तरांनी मात्र वर्ग घेतला. आम्ही नऊजण होतो. पावणेपाचला दार ढकलून रूथ आत आली. कडेवर पाच महिन्यांचा मुलगा, अंगावर सगळी धूळ. वसंताला पोलिसांनी उचललं होतं, चाळींच्या मधल्या रस्त्यावर अश्रुधूर सोडत होते, मूल तापाने फणफणलेलं आणि धुराने घुसमटलेलं. चार दिवस त्याला घेऊन बापाच्या घरी राहू द्यावं एवढंच तिला मागायचं होतं. हे मला पुढे कळलं. त्या दिवशी ती एवढंच म्हणाली, "बाबा, जरा बाहेर येता?"

मास्तरांनी तिच्याकडे पाहिलं. नीट पाहिलं. मग फळ्याकडे वळून म्हणाले, "आता आपण चौथ्या चौकोनाकडे येऊ."

आणि धावणाऱ्या बापाची गोष्ट त्यांनी आम्हाला सांगितली. पूर्ण. अब्रूसकट. ती दाराशी उभी, मूल कण्हतंय, आणि आम्ही नऊजण ऐकतोय. आम्ही नऊ गाढवं, दुसरा शब्द मला सापडत नाही. आमच्यात एक नर्स होती, दोन पंच होते. मी काय केलं? मी घड्याळ पाहिलं. परळहून वरळीच्या चाळींपर्यंत चालत पस्तीस मिनिटं, तेव्हा ही पाच पंचविसाला निघाली तरी सहाच्या ठोक्याला पोचेल, असा हिशेब मी केला. ती पाच वीसला निघाली. हिशेबापेक्षा पाच मिनिटं आधी, म्हणून मला बरंसुद्धा वाटलं.

त्यानंतर पावणेचार वर्षं मास्तर जगले. वर्ग चालू राहिला, चौकोन चालू राहिले. मी खाली मान घालून बसायचो आणि मनात म्हणायचो, ढोंगी माणूस आहे हा. त्यांना थुंकी लावून फळा पुसताना पाहिलं तरी मला किळस यायची...

माझ्याकडे प्रभुभोजनाच्या भांड्यांचंही काम आहे. आमच्यात दर तीन महिन्यांनी, ख्रिस्ताच्या शेवटच्या जेवणाची आठवण म्हणून, प्रभुभोजन होतं आणि त्याच्या आदल्या शनिवारी तयारीची सभा असते. तिथे प्रत्येकाला विचारतात, तुमचा कुणाशी वाद आहे का? नाही म्हणेल त्याचं नाव मी लिहितो. जितकी नावं तितके काचेचे छोटे पेले रविवारी द्राक्षरसाने भरतो, आणि ते तबक बाकाबाकावरून हातोहात फिरतं. वाद असणाऱ्याने आधी तो मिटवायचा, मग पेला घ्यायचा. शनिवारी हा प्रश्न विचारायचं काम मास्तरांचं. त्यांना कुणी विचारत नसे. त्यांचं नाव मी आपणहून पहिलं लिहीत असे.

गेली काही वर्षं दर वेळी एक पेला भरलेला परत यायचा. मी दोनदा मोजून भरायचो, तरी एक शिल्लक. मला हा माझ्या हिशेबावरचा डाग वाटायचा. वहीच्या कडेला 'एक जास्त' असं बारीक अक्षरात लिहून तो रस मी बाटलीत परत ओतत असे.

शिवडीहून परतताना मार्थाबाई माझ्याबरोबर होत्या. वय सत्तरीच्या पुढे, पहिल्या बाकावर मास्तरांच्या शेजारची जागा त्यांची. मी सहज म्हणालो, "आता पुढच्या भोजनाला एक पेला कमी भरायचा."

"आधीपासूनच एक कमी भरायला हवा होता," त्या म्हणाल्या. "ते पीत कुठं होते?"

"म्हणजे?"

"तबक आलं की दोन बोटांनी कड दाबायचे आणि माझ्याकडे सरकवायचे. आज किती वर्षं झाली."

"मग मला सांगितलं का नाही, बाई?"

"तुम्ही कधी विचारलंत? तुम्ही आपले ग्लासं मोजता."

घरी येऊन मी वही काढली. 'एक जास्त' चौदा ठिकाणी होतं. पहिलं होतं त्या संचारबंदीच्या गुरुवारनंतरच्या पहिल्याच भोजनाला.

म्हणजे मास्तरांना पक्कं ठाऊक होतं. मला त्यांची दया यायला हवी होती, पण मला अधिकच संताप आला. ढोंगी माणसाला निदान आपलं ढोंग दिसत नसतं. यांना दिसत होतं. चौदा वेळा पेला नाकारण्याइतका हा माणूस प्रामाणिक होता आणि पस्तीस मिनिटं न चालण्याइतका कोडगा. धावायला कुणी सांगितलं नव्हतं. चालत गेले असते तरी चाललं असतं. बसही जाते.

पुढच्या शनिवारी सभेआधी मी वरळीला चालत गेलो. पस्तीस नाही, अडतीस मिनिटं लागली. कडेवर मूल असतं तर पंचेचाळीस. म्हणजे ती सहा वाजून गेल्यावर, संचारबंदीत पोचली असणार. माझा तो हिशेबही चुकला होता. दार रूथच्या सासूने उघडलं. "उभे कित्याक? बसा," म्हणून तिने स्टोव्ह पेटवला. चार वर्षांचा नातू खाटेवर बसून कागदी झेंडा काठीला चिकटवत होता. राज्य मिळणार अशी चाळीत खात्रीच आहे. रूथ कपड्यांच्या घड्या करत होती. मी पेल्याचं सगळं सांगितलं.

"कळलं," ती म्हणाली. "मला उपयोग काय त्याचा?"

"तुझं नाव परत घेऊ वहीत. मी पंचांशी बोलतो. उद्या भोजन आहे, तू ये."

"शनिवारी अजून विचारतात का काका, कुणाशी वाद आहे म्हणून?"

"विचारतात."

"मग मी कशी येऊ? माझा आहे."

"अगं, मास्तर गेले आता."

"बाबांशी नाही. त्यांनी निदान फळ्याकडे तोंड तरी वळवलं." तिने घडी खाली ठेवली. "तुम्ही माझ्याकडे बघत होतात. आणि मग घड्याळ बघितलंत."

सासूने चहाचा कप माझ्यापुढे ठेवला. "घेवा. थंड जाता," ती म्हणाली. मी घेतला. दुसरं काय करणार होतो?

संध्याकाळच्या सभेत मास्तरांच्या जागी नवे पंच प्रश्न विचारत होते. माझ्यापर्यंत आले तेव्हा हसून म्हणाले, "तुमचं लिहून टाका, तुमचा कुणाशी वाद असणार!" मी म्हणालो, "आहे." मग ते पुढच्या माणसाकडे गेले.

रविवारी बेचाळीस नावं होती, बेचाळीस पेले भरले. उपासनेत पाळकांनी मास्तरांच्या आठवणी काढल्या, चार चौकोनांचंही कौतुक केलं. तबक माझ्या बाकावर आलं तेव्हा मी त्याची कड दोन बोटांनी दाबली आणि ते पुढे सरकवलं. शेवटी मोजलं, तर बेचाळीसच्या बेचाळीस रिकामे. इतक्या वर्षांत हिशेब पहिल्यांदा जुळला होता.

पेले विसळले, पुसले, कपाटात ठेवले. पुढचं भोजन तीन महिन्यांनी आहे, म्हणजे मधे बारा रविवार. किल्ली खिशात टाकली आणि वरळीच्या रस्त्याला लागलो.