फ्री थ्रोनंतरची टाळी

पहिला बॉल रिंगवर आपटून बाहेर आला. मी हात पुढे केला, तळवा उघडा. ऋचाताई, आमची कॅप्टन, दोन पावलं माझ्याकडे आली. तिचा हात वर उचललेलाही मी पाहिला. मग तो हात तिच्या स्वतःच्या केसांकडे गेला. तिने रबरबँड घट्ट केला आणि वळून आपल्या जागेवर जाऊन उभी राहिली. तिच्या मागून येणाऱ्या दोघी ते बघून तिथेच थांबल्या.

माझा हात तसाच हवेत. प्रेक्षकांतून एक पोरगा ओरडला, "अबे, टाळी द्या ना कोनी तिले." लोक हसले. मी हात चड्डीला पुसला, जणू घाम पुसायलाच पुढे केला होता. दुसरा बॉलही बाहेर गेला.

तेव्हा मी सतरा वर्षांची होते. नागपूरच्या संघातून माझी पहिलीच मॅच.

बास्केटबॉल न बघणाऱ्यांसाठी सांगते. खेळताना कुणी तुम्हाला ढकललं, हात ओढला, की रेफ्री तुम्हाला रिंगसमोरच्या रेषेवर उभं करतो. अडवायला कुणी नाही. बाकीच्या दोन्ही बाजूंना गप्प उभ्या. तुम्ही एकटीने बॉल टाकायचा. हा फ्री थ्रो. बहुतेक वेळा दोन मिळतात. पहिला टाकला की तुमच्या संघातल्या मुली पुढे येतात, हातावर हात मारतात, परत जातात. ही रीत आहे. सगळीकडेच आहे. नियमांत कुठे लिहिलेली नाही, म्हणूनच कुणी पाळली नाही तर तक्रार कुठे करणार?

आम्ही नागपूरजवळच्या कोराडीचे. म्हणजे वीजकेंद्राच्या कॉलनीतले नाही, कॉलनीच्या भिंतीबाहेरच्या वस्तीतले. बाबा ठेकेदाराकडे राखेच्या कामावर. पणजीने छप्पनला नागपुरात दीक्षा घेतली, तेव्हापासून आमच्या घरात बाबासाहेब आणि बुद्ध, आणि मान खाली घालायची नाही ही शिकवण. शाळेतल्या खेळाच्या सरांनी माझी उंची बघून मला कॉलनीच्या कोर्टवर नेलं. तिथून शहरातल्या संघात आले. ऋचाताईने पहिल्या दिवशी विचारलं, "पूर्ण नाव काय गं तुझं?" मी सांगितलं. ती म्हणाली, "अच्छा, म्हणजे..." आणि थांबली. पुढचं वाक्य तिने कधीच बोलून पूर्ण केलं नाही. माणसं आता तशी बोलत नाहीत, शिकलेली आहेत. तेव्हा मला वाटलं, तिला कुणाची तरी आठवण झाली असेल.

ती वाईट वागली असं कुणीच म्हणणार नाही. वाढदिवसाला मेसेज करायची. प्रॅक्टिस संपली की तिच्या गाडीत सगळ्यांना कोंबायची आणि मला म्हणायची, "तुझी कोराडीची बस असते ना?" असायची. मी बसने जायचे. दुसऱ्या दिवशी कळायचं की सगळ्या मिळून तर्री-पोहे खायला गेल्या होत्या. आणि कोर्टवर बॉल मात्र माझ्या हातातून तिच्या हातात जायचा, माझ्या घामाने ओला झालेला. त्याचं तिला काही वाटायचं नाही. त्यातून पॉइंट मिळत होते ना.

मला वाटायचं, दोष माझाच. पहिल्या मॅचला दोन्ही चुकवले, मग टाळी कशाची? बाबांचं एक ठरलेलं वाक्य होतं, "आपलं काम चोख ठेवाचं. मंग कोनी बोट नाही दाखवू शकत." ते मी गाठीशी बांधलं. कॉलनीच्या कोर्टवर सकाळी कुणी नसायचं. फरशीवर राखेचा थर. आधी झाडायचं, मग टाकायचं. बॉल करडा व्हायचा, हात करडे व्हायचे. मी टाकत राहायचे. हळूहळू माझे फ्री थ्रो चुकेनासे झाले. अटीतटीच्या वेळी आमच्या संघाचे सर मुद्दाम बॉल माझ्याकडे द्यायला सांगू लागले. समोरच्या संघातल्या मुली म्हणायच्या, हिला ढकलू नका गं, ही फुकटचे दोन घेते.

तरीही टाळी नाही.

मी कारणं शोधत राहिले. ऋचाताई चुकवायची तेव्हा तिला सगळ्या टाळी द्यायच्या. ती कॅप्टन आहे, मी स्वतःला समजावायचे. दुसऱ्या कुणी चुकवलं तरी टाळी मिळायची. त्या जुन्या आहेत, एका शाळेतल्या आहेत. अशी समजूत घालायला मी फार हुशार होते. मनाला पटणारं कारण सापडलं की बसमध्ये झोप लागायची.

एकदा धीर करून सरांना सांगितलं. सर बुटाची नाडी बांधत होते, त्यांनी वर पाहिलं नाही. म्हणाले, "बेटा, दिमाग में मत ले. टाळीने स्कोअर वाढतो का?" नाहीच वाढत. मी परत गेले आणि धावायला लागले. पण मला माहीत होतं, रेषेवर उभी राहिले की मी जितकी एकटी असते तितकं त्या संघातलं दुसरं कुणीच नसतं. एकटं वाटणं आणि एकटं ठेवलं जाणं यातला फरक सांगायला तेव्हा माझ्याकडे शब्द नव्हते.

मग तिसऱ्या हंगामात किमया आली. धरमपेठेसारख्या बड्या वस्तीतली, गोड पोरगी, संघात सगळ्यांत लहान. पहिल्या मॅचला तिला फ्री थ्रो मिळाला. पहिला बॉल रिंगला लागलासुद्धा नाही, खालूनच गेला. ऋचाताई धावत गेली. दोन्ही हातांवर टाळी, वर पाठ थोपटली. "होतं गं, होतं. टाक दुसरा." दुसराही तसाच गेला. पुन्हा सगळ्या तिच्याभोवती.

मी तिथेच उभी होते. ती जुनी नव्हती. कॅप्टन नव्हती. तिचा बॉल आत गेला नव्हता. माझ्याकडची सगळी कारणं त्या एका मिनिटात संपली. टाळी कधीच बॉलसाठी नव्हती, माणसासाठी होती. आणि मी मात्र रोज सकाळी राख झाडून बॉलच नीट करत बसले होते.

मीही पुढे होऊन किमयाला टाळी दिली. तिने घेतली. डोळे भरलेले होते तिचे, हात कुणाचा हे तिने पाहिलंही नाही. पुढच्या मॅचला मी पुन्हा हात पुढे केला, तेव्हा तिने आधी ऋचाताईकडे पाहिलं. मग माझ्याकडे बघून हसली आणि मागे सरकली. मध्ये आठवडाच गेला होता. एवढ्यात तिला कुणी काय सांगितलं, की काहीच सांगावं लागलं नाही, हे मला आजवर कळलेलं नाही. ऋचाताईचा मला राग आला होता. किमयाची मला भीती वाटली.

त्या दिवशी कपडे बदलताना मी ऋचाताईला सरळ विचारलं. "ताई, मले टाळी काहून देत नाही तुम्ही?"

तिने आधी दार बंद आहे का पाहिलं. मग म्हणाली, "अगं, तू तर कधी चुकवतच नाहीस. तुला कशाला लागते टाळी?"

"पहिल्या मॅचले चुकवले होते."

"किती मनात ठेवतेस गं तू." बॅगेची चेन लावली आणि जाता जाता म्हणाली, "प्रत्येक गोष्टीत तेच आणायचं नसतं."

मी काहीच आणलं नव्हतं. मी टाळीबद्दल विचारलं होतं. 'तेच' तिने काढलं. चोराच्या मनात चांदणं म्हणतात ते हे. तो 'म्हणजे'च्या पुढचा शब्द शेवटी तिच्याच तोंडून निघाला, तोही नाव न घेता.

त्या हंगामाचा अंतिम सामना नागपुरातच होता. त्यातून राज्याच्या शिबिरासाठी मुली निवडणार होते. शिबिरातून राज्याचा संघ, आणि संघातून नोकरी. आमच्या घरात सरकारी पगाराचं माणूस नव्हतं. मला हे सगळं तोंडपाठ होतं.

मॅच संपायला काही सेकंद उरले होते. आम्ही दोनने मागे. मी रिंगकडे घुसले, समोरचीने मला पाडलं. दोन फ्री थ्रो. सर बेंचवर खाली बसले, म्हणजे त्यांची काळजी मिटली. पहिला टाकला. आत. आता एकने मागे. दुसरा टाकला की बरोबरी.

मी हात पुढे केला. कुणी हललं नाही.

रेफ्री बॉल घेऊन माझ्याकडे आला. मी म्हटलं, "थांबा." तो थांबला. मी हात तसाच ठेवून ऋचाताईकडे वळले. हे मी ठरवून आले नव्हते. कुणी विचारलं तर आजही हेच सांगते. फक्त हात खाली येईना. आवाज कमी होत गेला, कारण लोकांना कळेना काय चाललंय. ऋचाताईला मात्र कळलं होतं. ती लाल झाली. तिने फक्त दोन पावलं यायचं होतं. राज्याचं शिबिर तिलाही हवं होतं, विजेतेपद तिलाही हवं होतं. तिने मान फिरवून स्कोअरबोर्डकडे पाहिलं.

म्हणजे हिला हरणं चालेल, पण माझा हात नाही.

रेफ्रीने बॉल माझ्याकडे दिला. बॉल मिळाला की पाच सेकंदांत टाकावा लागतो. मी तो काखेत धरला. दुसरा हात पुढेच. बेंचवरून सर ओरडले, "अरे टाक ना!" मी टाकला नाही. शिट्टी वाजली. फ्री थ्रो बाद, बॉल समोरच्यांना. आम्ही एकने हरलो.

सर, टाळीने स्कोअर वाढत नाही. न देण्याने कमी होतो, एवढं मी त्या दिवशी दाखवलं.

पुढचं सोपं आहे. ऋचाताई रडली आणि सगळ्या तिला धरून बसल्या. सर म्हणाले, "पागल है क्या?" निवडीच्या वेळी सांगितलं गेलं, हिच्यात शिस्त नाही. ऋचाताई शिबिराला गेली. मी कोराडीच्या बसमध्ये चढले. खिडकीजवळ बसले, शेजारची सीट शेवटपर्यंत रिकामी राहिली. त्या दिवशी मला कुणीतरी हवं होतं. कुणीही चाललं असतं.

बातमी माझ्या आधी घरी पोचली होती. बाबा ओसरीवर बसले होते. "एका टाळीसाठी मॅच घालवली का वं तू?"

मी पहिल्या मॅचपासून सगळं सांगितलं. इतकी वर्षं घरी बोलले नव्हते. बाबा ऐकत राहिले. मला वाटलं, आता म्हणतील काम चोख ठेव. ते पायाची करंगळी चोळू लागले.

"म्या बी चोखच काम केलं," ते म्हणाले. "आजवर कोनी बोट नाही दाखोलं. अन् परमनंट बी नाही केलं."

मग डबा घेऊन ते ड्युटीवर गेले. ते वाक्य त्यांनी मला पुन्हा कधी सांगितलं नाही.

त्यानंतर दोन हंगाम मला कुठल्याही संघाने घेतलं नाही. कॉलनीच्या कोर्टवर एकटीच खेळायचे. बास्केटबॉल एकटीने खेळायचा खेळ नाही. बॉल फेकायचा आणि आपणच धावत जाऊन आणायचा. भिंतीला पास द्यायचा, तो भिंतीने परत करायचा. कधी कधी वाटायचं टाकला असता तो एक बॉल, काय बिघडलं असतं? आज नोकरी असती, सोबत असती. मग आठवायचं की सोबत नव्हतीच. जे नव्हतं ते गमावलं कसं?

शेवटी दुसऱ्या राज्यात एका सरकारी खात्याच्या संघाची निवड चाचणी दिली. तिथे मला कुणी ओळखत नव्हतं. घेतलं. नोकरी मिळाली, राष्ट्रीय स्पर्धा खेळले, भारताच्या शिबिरापर्यंत गेले. त्या खात्याच्या संघातून पहिल्याच मॅचला मी फ्री थ्रो टाकला आणि चार मुली एकदम अंगावर आल्या. हातावर टाळ्या पडल्या. मी इतकी दचकले की दुसरा बॉल चुकला. त्या हसल्या. मी नाही हसले. इतकी साधी गोष्ट होती ही! एवढ्यासाठी मला माणसांतून उठवलं होतं. त्या टाळीने माझा राग गेला नाही, वाढला. आजही मॅच संपली की मी खोलीवर एकटीच जाते. माणसांत बसायची सवय लागायच्या वयात मी बसमध्ये बसले होते.

परवा नागपूरहून फोन आला. ऋचाताई. ती आता खेळाडूंच्या संघटनेत पदावर आहे. "तू आमचा अभिमान आहेस," म्हणाली. सत्कार ठेवला आहे, शाळेच्या मुली येणार आहेत. "त्यांना दोन शब्द सांग. खेळात जात-पात नसते, फक्त मेहनत असते, असं काहीतरी. तुझ्या तोंडून आलं की पोचतं."

म्हणजे आता तिला माझं तोंड हवं आहे.

मी "येते" म्हणाले. ती खूश झाली.

मी जाणार आहे. शाल घेणार नाही. त्या मुलींना सांगणार आहे की खेळात जात असते, ती कशी दिसते आणि कुठे उभं राहिलं की दिसते. पहिल्या मॅचपासून सांगणार, नाव घेऊन सांगणार, आणि जिचं नाव घेईन ती मंचावर बसलेली असेल. तिची माफी मला नको. तिने मागितली तरी मी बोलणं थांबवणार नाही.

माईक बंद करतील कदाचित. करू देत. पंधरा वर्षं मी कोर्टच्या एका टोकावरून दुसऱ्या टोकाला हाका मारत आले आहे. माझा आवाज शेवटच्या रांगेपर्यंत जातो.