पंख्याच्या विमानातले कंडक्टर

आता चिकलठाण्याच्या विमानतळावर लांबलचक जेट विमानं येतात, तोऱ्यात उतरतात, तोऱ्यात निघून जातात. माझा जीव मात्र अजून त्या पंख्यांच्या विमानात अडकलाय. दोन पंखांवर दोन पंखे, चढायचा दरवाजा शेपटीकडं, आणि सुरू होताना असा थरथराट की बसलेल्या माणसाचे दात आपोआप टाळ वाजवू लागत. ती विमानं चालवणाऱ्या कंपनीत मी वजनाचा तक्ता करायचो. कुठं किती सामान, कुठं किती माणसं. विमानाचा तोल माझ्या कागदावर.

वडील एसटीचे निवृत्त कंडक्टर. घरच्यांसाठी मला मिळणारा फुकट पास ते दरवर्षी परतवायचे. "ज्या गाडीत उभं राहता येत नाय, ती गाडी कसली?" मग बातमी आली की आठवडाभरात हे विमान बंद होणार. सकाळी चहा पिताना कपाकडं बघत ते म्हणाले, "पास हाय का अजून?"

होता. त्याची मुदत त्याच दिवशी संपत होती.

त्या दुपारी ते कडक इस्त्रीचा पांढरा सदरा घालून आले आणि मुंबईच्या विमानात सगळ्यात मागच्या सीटवर बसले. विमान अर्धं रिकामं. पण गंगापूरकडचं एक वऱ्हाड होतं. त्यांच्या ट्रंका पुढच्या सामानाच्या खोलीत, आणि माणसंही पुढंच, नवरदेवाच्या मामांभोवती. वैमानिकानं निरोप धाडला: पुढं वजन फार झालंय, सहा माणसं मागं बसवा, नाहीतर पंखे फिरणार नाहीत. आणि मुंबईनं दिलेली उतरायची वेळ हुकली, की फेरी रद्द.

हवाईसुंदरीनं गोड हिंदीत विनवलं. कुणी हललं नाही.

"तिकिटावर नंबर हाय आमचा," मामा म्हणाले. "मागं कशाला, धक्के खायला?"

मी आत जाऊन हात जोडले. "मामा, विमानाचा तोल जातोय हो."

"मग तोल सांभाळाया पायलट हाय की! आम्ही काय पोती हाव का, हिकडून तिकडं टाकायला?"

वऱ्हाड खिदळलं. मी घड्याळ बघितलं. वडिलांचा एकुलता एक प्रवास माझ्या डोळ्यांदेखत रद्द होत होता.

तेवढ्यात मागून खाकरल्याचा आवाज आला. वडील उठले. बोटातल्या अंगठीनं वरच्या कप्प्यावर टकटक केलं आणि उभ्या हयातीत कमावलेला आवाज सोडला:

"एऽऽ चला, मागं सरका! पुढं गर्दी करू नका! मागं सगळी गाडी मोकळी हाय! ओ मामा, उठा, तुम्हालाच म्हणतोय!"

काय सांगू! मामा उठले. त्यांच्यामागं वऱ्हाड उठलं. सहा हवे होते, आठजण मागं आले. दोघांना मला परत पुढं धाडावं लागलं. मामा अदबीनं विचारत होते, "सायेब, हितं बसलं तर चालंल का?"

मी खाली उतरलो. पंखे फिरले. धूळ, गवत आणि माझी टोपी उडवत विमान निघालं, आणि ठिपका होईपर्यंत मी उघड्या डोक्यानं उन्हात उभा राहिलो.

तासाभरानं मुंबईहून फोन आला.

"अण्णा, खिडकीतून काय काय दिसलं?"

"खिडकीतून?" वडील चकित झाले. "गाडी भरलेली असताना कंडक्टर खिडकीतून बघतो व्हय रे? पण माणसं नीट पोचवली बघ."