सपाट पाठीचं पिस्तूल

बँकांची रोकड गाडीतून ने-आण करणाऱ्या एका कंपनीच्या तळघरात हत्यारांची खोली होती आणि त्या खोलीत उस्ताद होते. उस्ताद हे नाव त्यांना कुणी दिलं ते कुणालाच आठवत नव्हतं. खरं नाव तर पगाराच्या दिवशी त्यांना स्वतःलाच आठवावं लागे. गार्ड ड्यूटीवर निघताना त्यांच्याकडून पिस्तूल घ्यायचे, परतल्यावर त्यांच्याकडे जमा करायचे. मधल्या वेळात उस्ताद नव्या गार्डांना शिकवायचे, आणि शिकवता शिकवता त्यांचा असा काही पाणउतारा करायचे, की तो ऐकायला गाड्यांचे ड्रायव्हरसुद्धा दाराशी येऊन उभे राहत.

"बंदूक कधी आपोआप सुटत नाही," ते टेबलावर मूठ आपटून सांगायचे. "सुटतं ते बोट! कुणी म्हणालं ना, की उस्ताद, आपोआप सुटली, तर आधी त्याचं बोट बघायचं." एकदा एका गार्डाचं बोट नको तेव्हा चापावर दिसलं, तर उस्तादांनी त्या बोटाला पट्टी बांधून त्याला दिवसभर तसंच फिरवलं. लोक विचारत, "काय लागलं?" आणि बिचारा खालमानेने म्हणे, "अक्कल."

कंपनीची जुनी पिस्तुलं घोड्याची होती. घोडा म्हणजे पिस्तुलाच्या पाठीवर बाहेर दिसणारी ती छोटी हातोडी. चाप ओढला की ती पुढे आपटते, तिचा दणका आतल्या सुईला बसतो आणि सुई गोळी उडवते. उस्तादांचा या घोड्यावर भारी जीव. खोलीच्या दुसऱ्या टोकाला पिस्तूल ठेवलेलं असलं तरी नुसत्या नजरेने ते सांगत, "घोडा मागे ओढलाय, जागं आहे ते. हे बघ, याचा घोडा खाली आहे, हे झोपलंय." तेव्हा कंपनीचा नियम असा होता की ड्यूटीवर चेंबर, म्हणजे नळीच्या मागची गोळी बसते ती जागा, रिकामं ठेवायचं. त्यामुळे घोडा खाली दिसला की चेंबरमध्ये गोळी नाही, असंच गणित बसून गेलं होतं. आता हा नियम कंपनीचा होता, पिस्तुलाचा नव्हता. घोडा खाली असला तरी आत गोळी असू शकते, हे उस्तादांनीच शेकडो गार्डांना घोकून घोकून शिकवलं होतं. पण तोंडाला जे पाठ असतं ते डोळ्यांना पाठ असतंच असं नाही. उस्तादांच्या डोळ्यांनी ते केव्हाच सोडून दिलं होतं.

मग कंपनीने नवी पिस्तुलं आणली आणि त्यांना घोडाच नव्हता.

ती शिकून यायला कंपनीने उस्तादांना नाही, तर त्यांच्या सुनेला पाठवलं. ती त्याच कंपनीत रोकडगाडीवर गार्ड होती. लग्नाच्या आधीच उस्तादांच्या हाताखाली शिकलेली. म्हणजे आधी शिष्या, मग सून. कामावर ती त्यांना उस्ताद म्हणायची आणि घरी बाबा. तिची निवड झाली तेव्हा उस्ताद हसून म्हणाले, "चांगलं झालं," आणि दोन दिवस त्यांचं पोट बिघडलं.

ती परत आल्यावर जेवताना तिने सगळं समजावून सांगितलं. या पिस्तुलात हातोडी नाही, आत स्प्रिंगवर ताणलेला एक दांडाच असतो, त्याला स्ट्रायकर म्हणतात. स्लाइड, म्हणजे पिस्तुलाचा वरचा सरकता भाग, मागे ओढून सोडली की तो ताणला जातो आणि चाप दाबला की सुटून थेट गोळीवर आदळतो. चापाचा जोर दर वेळी सारखाच लागतो. आपल्या जुन्यांसारखा पहिला जड आणि पुढचे हलके असं नाही. अंगठ्याने लावायचा खटका नाही, जी काय अडवणूक आहे ती चापातच आणि आतच. "आणि बाबा, पाठ एकदम सपाट आहे. आत ताणलेलं आहे की नाही, ते बाहेरून नजरेला कळत नाही. शिवाय साफसफाईला उघडायचं तर आधी चाप दाबावा लागतो. म्हणून आधी मुठीतलं गोळ्यांचं मॅगझिन काढायचं, मग आत राहिलेली गोळी बाहेर काढायला स्लाइड ओढायची, चेंबरमध्ये बघायचं आणि बोट घालून चाचपायचंसुद्धा. आणि आता नियम बदललाय. गाडीवर चेंबरमध्ये गोळी ठेवायची आहे."

"घोडा नसलेला टांगा घेऊन आलीस की गं," उस्ताद म्हणाले. नवरा हसला, सासूही हसली. "आणि मॅगझिन आधी काढायचं हे मला शिकवतेस? कुणाकडून शिकलीस ते?"

"तुमच्याकडून," ती म्हणाली. तीही हसली. तिथेच विषय संपला.

त्यानंतर थोड्याच दिवसांतली गोष्ट. दुपारी तिची गाडी परतली. हत्यारांच्या खोलीबाहेर वाळूने भरलेलं एक पिंप होतं. त्यात नळी रोखून पिस्तूल रिकामं करायचं आणि मगच आत द्यायचं, ही शिस्त उस्तादांनीच घालून दिलेली. पिंपापाशी दोघं जण होते, म्हणून ती मागे थांबली. उस्तादांनी तिला खिडकीतून पाहिलं आणि आत बोलावलं. दुपारभर त्यांना काम नव्हतं, आणि रिकामं मन म्हणजे काय ते आपल्याला ठाऊकच आहे. नवं पिस्तूल आपणही डोळे मिटून उघडू शकतो, हे सुनेला दाखवायची त्यांना फार दिवसांची हौस होती.

"दे इकडे."

"उस्ताद, अजून रिकामं केलं नाही. पिंपापाशी..."

"दे म्हटलं ना."

दुसऱ्या कुणी मागितलं असतं तर तिने दिलं नसतं. पण उस्तादही तेच आणि सासरेही तेच. नाही म्हणायला दोनदा धीर करावा लागला असता. तिने दिलं. उस्तादांनी मॅगझिन काढून टेबलावर ठेवलं, पिस्तुलाच्या पाठीकडे नजर टाकली. पाठ सपाट, वर काही उभं नाही. इतक्या वर्षांच्या त्या डोळ्यांनी सांगितलं की घोडा खाली आहे, झोपलंय. नसलेला घोडा त्यांना खाली पडलेला दिसला! स्लाइडला त्यांनी हातही लावला नाही. "आता चाप दाबायचा, असंच ना?" असं म्हणत त्यांनी चाप दाबला.

बंद खोलीत तो आवाज काय झाला असेल! लोखंडी कपाटाच्या कडेला भोक पडलं, मागच्या प्लायवुडच्या भिंतीतून गोळी पलीकडे कपडे बदलायच्या खोलीत गेली आणि तिथल्या बाकाच्या पाठीत घुसली. त्या बाकावर एक म्हातारा ड्रायव्हर रोज दुपारी पाठ टेकून डुलकी घ्यायचा. त्या दिवशी तो दाढ काढायला गेला होता.

उस्तादांनी पिस्तूल टेबलावर ठेवलं. म्हणजे हातातून गळून पडलं नाही एवढंच. पिंपापाशी असलेले दोघं धावत आले, त्यांच्या मागोमाग कंपनीचे साहेब आले.

"कुणाचं पिस्तूल हे?"

"माझं," सून म्हणाली. तिचा आवाज फाटला होता. "चेंबर रिकामं केलेलं नव्हतं, साहेब."

एवढंच ती बोलली, आणि ते खरंही होतं. साहेबांनी पुढचं काही विचारलंच नाही. ते तिच्यावर असे काही बरसले, की गार्डांनी माना खाली घातल्या. मग साहेब उस्तादांकडे वळले. "उस्ताद, तुमच्यासमोर? तुमच्या खोलीत?"

आता एक शब्द पुरला असता. 'मी' एवढा एकच शब्द, आणि तो काही फार अवघड शब्द नाही. एरवी उस्तादांच्या प्रत्येक वाक्याची सुरुवात त्यानेच व्हायची. उस्तादांनी टेबलाकडे बघितलं आणि म्हणाले, "नवी पिस्तुलं आहेत, साहेब. होतं असं कधी कधी."

बोटांना पट्ट्या बांधणारा माणूस हे बोलला. बोलला आणि त्याचं त्यालाच ऐकू आलं. पण जीभ काही पुढे सरकेना.

सुनेला गाडीवरून काढून फाटकापाशी खुर्चीवर बसवलं. तिचा हत्यार बाळगायचा परवाना ठेवायचा की नाही ते आठवड्याअखेरीला ठरणार होतं. परवाना गेला की नोकरी गेली. आणि परवाना काढून घेतलेल्या गार्डाला दुसरीकडे कोण दारात उभं करतं?

घरी मुलाला बातमी आधीच कळली होती. पानं वाढली आणि तो बायकोवर घसरला. "बाबांच्या खोलीत जाऊन हा निष्काळजीपणा? इतकी वर्षं त्यांनी नाव कमावलं आणि तू त्यांचं नाक कापलंस."

सुनेने एकदा वर पाहिलं, नवऱ्याकडे नव्हे. उस्ताद पानातला घास चिवडत राहिले.

"जाऊ दे रे," ते म्हणाले. "चूक कुणाकडूनही होते."

वा! काय पण मोठं मन! चोर सोडून संन्याशाला फाशी म्हणतात, इथे तर चोरच संन्याशाला माफ करत होता. उस्तादांच्या बायकोने म्हटलंसुद्धा, "बघ, किती समजून घेतात तुला." ते ऐकलं आणि उस्ताद पानावरून उठले. धरणीने पोटात घ्यावं असं त्यांना वाटलं, पण धरणी असल्या कामाला कधी वेळेवर येत नाही.

दुसऱ्या दिवशी ते साहेबांसमोर जाऊन उभे राहिले. "साहेब, चाप मी ओढला. तिने नाही."

साहेब क्षणभर बघत राहिले आणि मग चक्क हसले. उठून त्यांनी उस्तादांच्या खांद्यावर हात ठेवला. "कळतं हो मला. सुनेसाठी अंगावर घेताय. आजकाल कोण करतं एवढं? पण तुमच्या हातून असली चूक होईल, हे या इमारतीत कुणाला पटेल?"

उस्ताद बाहेर आले तोवर गोष्ट त्यांच्या पुढे धावली होती. एका गार्डाने उठून खुर्ची दिली. दुसरा म्हणाला, "सासरा असावा तर असा." कालच्या खोट्याने जेवढं जाळलं नव्हतं तेवढं या कौतुकाने जाळलं. आपण पाठीवर लाथ मागायला गेलो आणि लोक हार घालतायत, असं त्यांना झालं. रागाने की लाजेने कोण जाणे, ते तसेच साहेबांच्या खोलीत परत शिरले आणि म्हणाले, "खाली चला. सगळ्यांना घेऊन चला. तिलाही बोलवा."

पिंपाभोवती सगळे जमले. उस्तादांनी तेच पिस्तूल सुनेच्या हातात दिलं. "हे रिकामं आहे का बघ. माझ्यावर विश्वास ठेवू नकोस."

तिने नळी वाळूत रोखली. मॅगझिन काढून बघितलं, ते रिकामं होतं. स्लाइड मागे ओढून अडकवली, चेंबरमध्ये बघितलं, मग करंगळी घालून चाचपलं. "रिकामं आहे," ती म्हणाली. स्लाइड पुढे सोडून रिकामं मॅगझिन परत बसवलं आणि त्यांच्या हातात दिलं.

उस्तादांनी नळी वाळूत धरली आणि काल जे केलं ते केलं. मॅगझिन काढलं. नजर पाठीवर टाकली. चाप दाबला. टक्.

"असं," ते म्हणाले. "स्लाइडला माझा हात गेलाच नाही. तुम्ही बघितलंत. मला घोडा दिसला, साहेब. याला घोडाच नाही आणि मला तो खाली दिसला. हिने रिकामं नाही म्हणून सांगितलं होतं, तरी मी तिच्या हातून घेतलं. आणि होतं असं कधी कधी म्हणालो, ते खोटं. असं होत नाही. मी केलं."

एवढी सहज, सरावाची हालचाल कुणी नाटकासाठी करत नाही, हे त्या सगळ्यांना समजत होतं; उस्तादांनीच त्यांना हात बघायला शिकवलं होतं. ज्याने खुर्ची दिली होती तो गार्ड भिंतीकडे बघू लागला. गाल सुजलेला म्हातारा ड्रायव्हर तेवढा बोलला, "उस्ताद, दाढ दुखली नसती तर मी गेलोच होतो की हो." तो थट्टेने बोलला, पण हसलं कुणीच नाही.

साहेबांनी हत्यारांच्या खोलीची चावी मागून घेतली. रिकामं न केलेलं पिस्तूल दुसऱ्याच्या हातात दिल्याबद्दल सुनेलाही चार शब्द ऐकवले आणि तिला पुन्हा गाडीवर घेतलं. फाटकापाशी तिची खुर्ची मोकळी झाली, तिथे आता उस्तादांनी बसायचं ठरलं.

संध्याकाळी दोघं एकत्रच घरी निघाली. ती दोन पावलं पुढे होती. जिना चढताना उस्तादांना राहवेना.

"अजून रागावली आहेस?"

"गोळी सुटली त्याचा राग नाही, बाबा. ती माझ्या हातूनही सुटली असती."

"मग? सांगितलं ना मी आज सगळ्यांसमोर."

ती दारापाशी थांबली. पिशवीत किल्ली शोधू लागली. "काल साहेब आत आले, तेव्हा मी पिस्तूल माझं एवढंच म्हटलं. पुढचं तुम्ही सांगाल म्हणून थांबले. ते मला बोलत होते तेव्हाही मी तुमच्याकडेच बघत होते. घरी हे बोलत होते तेव्हाही."

उस्तादांनी कठडा धरला. "घाबरलो गं मी."

"मीही घाबरले होते," ती म्हणाली, आणि दार उघडून आत गेली.