साहेबांचा हात, बाबांचा खांदा

बाबांच्या उजव्या खांद्याला आमच्या घरात फार मान होता. त्यांच्या तरुणपणी एक बडे पुढारी सापगावला भाताची लावणी बघायला आले, आणि बांधावर त्यांनी बाबांच्या खांद्यावर हात ठेवला. वर म्हणाले, "तुमच्यासारख्या माणसांवरच देश उभा आहे." हे वाक्य बाबांनी लग्नांत ऐकवलं, बारशांत ऐकवलं, एकदा तर शहापूरच्या डॉक्टरांनाही, ते तोच खांदा दाबून बघत असताना. मी शाळेत त्यावर निबंध लिहून पहिला नंबर मिळवला. साहेबांच्या डोळ्यांतलं पाणी त्यात मी पदरचं घातलं होतं.

यंदा साहेबांवर माहितीपट आला. वाशिंदच्या कंपनीत काम करणारी माझी बहीण फोनवर ओरडली, "दादा, त्यात बाबा आहेत!" रविवारी मी मुरबाडहून सापगावला पोचलो. टीव्ही ओटीवर आणला. बाबांनी ठेवणीतला सदरा घातला. निम्मी आळी जमली.

पडद्यावर काळंपांढरं शेत, माणसांची झुंबड, मधोमध साहेब आणि शेजारी काडीसारखे बाबा. आणि खरंच, खांद्यावर हात! टाळ्या पडल्या. तेवढ्यात कॅमेरा खाली सरकला. साहेब एका पायावर उभे होते. दुसऱ्या पायात नुसता मोजा, आणि एक माणूस कोपरापर्यंत हात घालून चिखलात त्यांचा बूट शोधत होता.

शेजारचा रिक्षावाला म्हणाला, "काका, देश नाय, साहेब उभा होता तुमच्यावर!"

ओटी हसून लोळली. आईने पदर तोंडात कोंबला. मीही डोळे पुसत होतो, पण बाबांच्या चेहऱ्याकडे बघितलं आणि रिमोटने चित्र थांबवलं.

"आता तरी खरं सांगा," आई म्हणाली, "काय बोलले ते?"

बाबांनी सदऱ्याचं बटण चाचपलं. "'हलू नकोस' म्हणाले."

पुन्हा हशा. बाबा उठून थेट टीव्हीजवळ गेले. "लाव रे परत. आन पाय नका बघू. मला बघा."

मी परत लावलं. मागून गर्दी लोटत होती. एक फोटोवाला बाबांना ढुशा देत होता. कुणाच्या तरी छत्रीची काडी त्यांच्या कानात घुसत होती. साहेब डुगडुगत होते, बाबा नाही.

"हललो?" बाबांनी विचारलं.

रिक्षावाला गुडघ्यांवर पुढे सरकला होता. "नाय काका," तो म्हणाला, "छत्रीला पन दाद नाय दिलीत."