जोर कुठल्या अक्षरावर

हॉटेलात कसं बोलायचं ते शिकवायला पुण्याहून एक मॅडम आल्या आणि महिन्याभरात मावशीचा तवा गेला. गोष्ट एवढीच आहे. पण ती आठवली की अजून माझे कान तापतात. चार माणसांत माझ्या तोंडून शब्द फुटत नाही, म्हणून पोरीच्या जुन्या वहीच्या मागच्या पानांवर लिहिते आहे.

लोणावळ्याच्या त्या हॉटेलात मी खोल्या करते. चादरी बदलायच्या, बाथरूम धुवायचं, टॉवेल घडी करून ठेवायचे. मावशी तिथं माझ्या आधीपासून आहे. ती माझी सख्खी मावशी नाही. कान्ह्याला आमच्या पुढच्या आळीत राहते, तिनंच मला कामाला लावलं. नाश्त्याच्या हॉलच्या एका कोपऱ्यात शेगडी आणि तवा मांडलेला असायचा, आणि तिथं मावशी पाहुण्यांच्या डोळ्यांदेखत भाकरी थापायची. अंगावरची नऊवारी तिची स्वतःची, हॉटेलनं दिलेली नव्हे. ताट घेऊन कुणी समोर आलं की ती विचारायची, कडक का मऊ? गुजरात्याला तेच, मद्राशाला तेच, गोऱ्यालाही तेच. बरोबर हातानं दाखवायची. कुणाला कळलं नाही असं मी एकदाही पाहिलं नाही. तळेगावच्या कारखान्यात कामाला आलेला एक जपानी साहेब दोन महिने राहिला होता. तो रोज "मऊ" म्हणायचा, दोन्ही अक्षरं अगदी सारखी, तराजूत घालून मोजल्यासारखी. मावशी म्हणायची, "ह्यो आपल्या मावळातलाच हाय गं. चुकून तिकडं जन्माला आलाय."

मग मालकांच्या मनात आलं की परदेशी पाहुणे वाढलेत, आपल्या माणसांनी इंग्रजी नीट बोललं पाहिजे. दुपारची जेवणं आटपली की नाश्त्याच्याच हॉलमध्ये खुर्च्या मांडून आम्हाला बसवायचे. मॅडम चांगल्या होत्या दिसायला, बोलायलाही गोड. पहिल्याच दिवशी त्यांनी सांगितलं की तुम्हाला शब्द येतात, पण जोर कुठं द्यायचा ते येत नाही, म्हणून पाहुण्यांना तुमचं बोलणं कानाला टोचतं. इंग्रजी शब्दात एका अक्षरावर जोर असतो, बाकीची अक्षरं अर्धी गिळायची. ब्रेकफास्टमध्ये जोर पहिल्यावर. हॉटेलमध्ये दुसऱ्यावर. टुमॉरोमध्ये मधल्यावर. त्यासाठी त्यांची रीत होती, शब्द म्हणायचा आणि जोराच्या अक्षरावर टाळी वाजवायची.

सगळे टाळ्या वाजवायला लागले. मावशी प्रत्येक अक्षरावर वाजवायची. मॅडमनी थांबवलं, परत करून दाखवलं. मावशीनं परत तीन अक्षरांना तीन टाळ्या दिल्या आणि म्हणाली, "मॅडम, आता आरतीच म्हणू का? टाळ्या चालूच हायेत." सगळे हसले, मॅडमसुद्धा. त्या दिवशीचं हसणं वेगळं होतं. ते मावशीनं हसवलेलं होतं.

मला ते पटकन जमलं. जो बोलत नाही तो ऐकत असतो, दुसरं काय करणार. खोल्या करताना लोक फोनवर बोलत असतात, आपण असून नसल्यासारख्या. सहा वर्षं मी ते ऐकत होते. जर्मन माणूस शब्दाच्या सुरुवातीलाच पाय आपटतो. फ्रेंच बाई सगळा शब्द हलका ठेवून शेवटी जरा टेकते. गुजराती बायका शेवट ओढत ओढत दारापर्यंत नेतात. मला ह्यातल्या एकाही भाषेतलं काही कळत नाही, पण चाल कळते. मॅडमनी माझ्याकडे बोट केलं तेव्हा मी मान खाली घालून "गुड मॉर्निंग, वेलकम टू ब्रेकफास्ट" म्हटलं आणि त्या उठून उभ्या राहिल्या. परत म्हणायला लावलं. मग पुढं बोलावून सगळ्यांसमोर म्हणायला लावलं.

मला ते आवडलं. हे लिहायलाच हवं. शाळा सुटल्यापासून मला कुणी शाबास म्हटलं नव्हतं. मी पायांच्या बोटांकडे बघत उभी होते आणि आतून फुगले होते. तेवढ्यात मॅडम मावशीकडे वळून म्हणाल्या की बघा, ह्या चौथी शिकलेल्या, ह्यांना जमतं, मग तुम्हाला का नाही जमत? त्यांचा आवाज गोडच होता. मावशी माझ्याकडे बघून हसली आणि म्हणाली, लेक हुशार हाय माझी. मला तिथंच जमिनीत शिरावंसं वाटलं. त्या दिवसापासून मी मॅडमच्या हातातली काठी झाले. कुणाचं चुकलं की मला उभं करायचं.

एकदा चहाच्या वेळी मी धीर करून मॅडमना विचारलं की आपल्या मराठीत जोर कुठं असतो. त्या म्हणाल्या, आपल्यात तसं काही नसतं, आपण सगळं सपाट बोलतो.

सपाट. ह्या शब्दाचा मला जो राग आला तो अजून गेलेला नाही. मावशी तव्यापाशी उभी राहून "बसा" म्हणते तेव्हा "सा" असा लांबवते की माणूस खुर्ची ओढतोच. तीच घरी सुनेला "बसा आता" म्हणते तेव्हा सगळा भार "आता"वर येतो आणि सून उठून कामाला लागते. माझ्या आईनं "मी येणार नाही" म्हटलं की जोर "मी"वर आहे का "नाही"वर, ह्यावर आमच्या घरात भांडण मिटायचं किंवा पेटायचं. आमच्याकडे जोर शब्दाच्या मालकीचा नसतो, बोलणाऱ्याच्या मालकीचा असतो. मनात असेल तिथं तो जातो. मॅडम मराठी बाईच होत्या. त्यांना हे ऐकू येत नव्हतं असं नाही. त्यांनी ऐकायचं सोडून दिलं होतं.

आणि पाहुणे आमच्या गावांचं काय करतात? पवना त्यांच्या तोंडात पावना होते. कामशेतचं कॅमशेट होतं. लोणावळ्याला तर कुठूनही चेपतात. त्यांना कुणी खुर्च्या मांडून बसवत नाही. त्यांचं बोलणं आमच्या कानाला टोचतं का, हे कुणी विचारत नाही.

मग कळलं की परीक्षा आहे. मालक आणि मॅनेजर बसणार, आणि पास होतील तेच पाहुण्यांसमोर राहणार. बाकीचे मागं. हे ऐकल्यावर मावशीनं थट्टा केली नाही. परतीच्या लोकलमध्ये बसल्यावर मला म्हणाली, "मला शिकव बाय. तवा सुटला तर मी काय धुणी बडवत बसू?"

आठवडाभर आम्ही रोज गाडीत तेच केलं. लोणावळा सुटला की सुरू, कान्हे आलं की बंद. टाळी वाजवायला लाज वाटायची, म्हणून मी तिचा हात धरायचे आणि जोराच्या अक्षराला दाबायचे. मावशी म्हणायची, "एका अक्षराला डोक्यावर घ्यायचं आन् बाकीची पायाखाली तुडवायची. लय माजलेली भाषा हाय ही." समोरच्या बाकावरच्या बायका हसायच्या. पहिले दोन दिवस मीही हसले. मग तिला जमेना. एका शब्दात जमलं की दुसऱ्यात सुटायचं. परीक्षेच्या आदल्या दिवशी मी तिचा हात झटकला आणि म्हटलं, किती वेळा सांगायचं, लक्ष कुठं असतं तुमचं?

माझाच आवाज मला ओळखू आला नाही. तो मॅडमचा होता, नुसता गोडवा काढलेला. कान्ह्याला उतरताना मावशीनं माझी पिशवी घेतली, रोज घेते तशी.

परीक्षेला मॅनेजर पाहुणे झाले होते. एकेकानं पुढं यायचं, पाच वाक्यं बोलायची. माझं झालं. मालकांनी मान हलवली. मावशी आली. तिनं नवं पातळ नेसलं होतं, कुंकू मोठं लावलं होतं. "गुड मॉर्निंग" बरं गेलं. पुढचं वाक्य सुरू केलं आणि सगळी अक्षरं एका ओळीत शाळेतल्या पोरांसारखी उभी राहिली. वेटरांच्या कॅप्टननं मागून हळूच तिची नक्कल केली. हसू पसरलं. हे हसणं तिनं हसवलेलं नव्हतं. ती गडबडली, आणि हात आपोआप तवा दाखवायला पुढं गेला. "साहेब, भाकरी कडक पायजे का मऊ?"

मॅनेजर म्हणाले, इंग्लिशमध्ये, मावशी.

ती उभी राहिली. मी तिला ओळखते तेव्हापासून ती गप्प उभी राहिलेली पाहिली नव्हती. सुनेच्या बाळंतपणात, नवऱ्याच्या शेवटच्या दिवसांत, कधीच नाही. आणि मॅडम वहीत काहीतरी लिहीत होत्या.

मी कशी उठले मला ठाऊक नाही. मी म्हटलं, "मॅडम, तुम्ही आमच्या गावाचं नाव म्हणून दाखवा."

मॅडमनी वर बघितलं. "कान्हे?" त्या म्हणाल्या. पहिल्या अक्षरावर धाडकन, पुढचं गिळून.

"चुकलं. परत म्हणा. टाळी वाजवून म्हणा."

मला वाटलं आता काहीतरी होईल. मालक रागावतील, मॅडम लाजतील, निदान मला हाकलतील. तसलं काही झालं नाही. मॅडम खळखळून हसल्या. त्यांनी खरंच टाळी वाजवून कान्हे म्हटलं, परत चुकीचं, आणि मालकांना म्हणाल्या की बघा सर, किती आत्मविश्वास आलाय यांच्यात, महिन्यापूर्वी ह्या मान वर करत नव्हत्या. सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. माझ्यासाठी. माझा राग त्यांनी त्यांच्या कामाच्या खात्यात टाकून घेतला. मला आयुष्यात पहिल्यांदा मोठ्यानं राग आला आणि त्याचं कौतुक झालं. ह्याच्यापेक्षा थोबाडीत मारलेली परवडली असती.

सोमवारी मॅनेजरनी मला केबिनमध्ये बोलावलं. म्हणाले, तव्यापाशी तुम्ही उभं राहायचं. नऊवारी हॉटेल देईल. मी म्हटलं, मला त्या मापाची भाकरी येत नाही, माझी जाड होते. त्यांनी त्याचाही विचार केला होता. भाकऱ्या मावशी मागं स्वयंपाकघरात करेल, तुम्ही पुढं फक्त तव्यावर गरम करायच्या आणि बोलायचं. पाहुण्यांना काय कळतंय.

मी नाही म्हटलं.

"लाजू नका हो," ते म्हणाले. "सुरुवातीला सगळ्यांनाच लाज वाटते."

"मी लाजत नाही, साहेब. मला राग आलाय."

ते हसले आणि म्हणाले, दोन दिवस विचार करा. माझा चेहराच तसा आहे बहुतेक. त्यावर राग उमटत नाही.

दोन दिवसांनीही मी नाहीच म्हटलं. मग त्यांनी कॉलेजात हॉटेलचं शिकलेली एक मुलगी आणून उभी केली. ती पोर वाईट नाही. तिची नऊवारी सुटत असते, ती मागं येऊन मावशीकडून खोचून घेते. तिचा जोर मात्र एकाही अक्षराला चुकत नाही. मावशी भट्टीच्या धगीत भाकऱ्या थापते, टोपलीत भरते, पोरगी त्या पुढं नेऊन तव्यावर उलटते आणि लोक तिचा फोटो काढतात. मागच्या आठवड्यात एका पाहुण्यानं भाकरीचं खूप कौतुक केलं म्हणून मालकांनी त्या मुलीला पुढं बोलावून शाबासकी दिली. मी जिन्यात चादरींचा गठ्ठा घेऊन उभी होते. तो गठ्ठा मी खाली फेकला. आवाजसुद्धा झाला नाही, चादरीच त्या.

गाडीत मी मावशीला हे सगळं सांगितलं, तव्यासाठी आधी मला विचारलं होतं तेही. मला वाटलं ती चिडेल. ती चिडली, पण माझ्यावर.

"तू न्हाई कशाला म्हनलीस? तू पुढं असतीस तर मला कळलं असतं, भाकरी कुनी खाल्ली, कुनी टाकली. तू येऊन सांगितलं असतंस. ती पोर काय सांगतीय मला."

मी म्हटलं, तुमची जागा मी कशी घेऊ?

"माझी जागा तर गेलीच की. तुझ्या रागानं आली का परत?"

कामशेत गेलं. मग ती सरळ बसली, पदर नीट केला आणि म्हणाली की पुढच्या महिन्यात मॅडम परत येणार आहेत, जे राहिले त्यांची परत परीक्षा घेणार आहेत, स्वयंपाकघरात बोलत होते. "मला परत शिकव. ह्या खेपेला हात झटकायचा न्हाई, तेवढं बघ."

मी खिडकीबाहेर बघत राहिले. तिला शिकवायचं म्हणजे त्यांचंच खरं म्हणायचं, की मावशीच्या तोंडातली अक्षरं चुकीची आहेत आणि ती ठाकूनठोकून सरळ केल्याशिवाय तिला तिच्या तव्यापाशी उभं राहायचा हक्क नाही. नाही शिकवायचं म्हणजे मावशीला त्या धगीत ठेवायचं आणि माझा राग तेवढा स्वच्छ राखायचा. तिला भाकरी खाणाऱ्या माणसाचं तोंड बघायचंय, बाकी तिला काही नको. माझ्या रागाचं तिला काय करायचंय.

"शिकीवतीस ना?" तिनं विचारलं.

मी व्हय म्हटलं. दात खाऊन म्हटलं, पण म्हटलं. मग तिचा हात माझ्या मांडीवर घेतला आणि "ब्रेकफास्ट"पासून सुरुवात केली.