आपला एक विषय राहिला

बारावीचा निकाल लागला तेव्हा आपल्याला काय व्हायचंय हे मला ठाऊक नव्हतं. मैत्रिणींना ठाऊक होतं. एकीला मिरजेला नर्सिंगला जायचं होतं, दुसरी पोलीस भरतीसाठी पहाटे पळायला जात होती. मला गणितात बरे मार्क होते आणि कशाचीच विशेष ओढ नव्हती. त्यामुळे इंजिनिअरिंगच्या प्रवेशाच्या वेळी आण्णांनी 'इलेक्ट्रॉनिक्स अँड टेलिकम्युनिकेशन' ही शाखा सगळ्यात वर टाकायला सांगितली, तेव्हा नाही म्हणायला माझ्याकडे कारण नव्हतं.

आण्णा म्हणजे माझे वडील. फौजेत ते सिग्नलमध्ये होते. राजस्थानात, आसामात, कुठं कुठं त्यांनी तारा ओढल्या, वायरलेसवर बसले आणि पेन्शन घेऊन आष्ट्याजवळच्या आमच्या गावी परत आले. थोडा ऊस होता, दोन म्हशी होत्या, आणि कुपवाडच्या एका कारखान्याच्या गेटवर सिक्युरिटीचं काम होतं. माझा नंबर सांगलीजवळच्या कॉलेजात लागला त्या दिवशी त्यांनी गल्लीत पेढे वाटले आणि प्रत्येक दारात सांगितलं, "पोरगी सिग्नलला गेली आमची."

पहिलं वर्ष सगळ्या शाखांना सारखंच असतं, ते निघून गेलं. दुसरं वर्ष सुरू झालं ते लॉकडाऊनमध्ये. कॉलेज बंद, तास मोबाइलवर. आण्णांचं कुपवाडचं कामही त्याच सुमारास सुटलं. आमच्या घरात रेंज फक्त माडीवरच्या खोलीत यायची, खिडकीजवळ. तिथं मी टेबल लावलं, चुलतभावाकडून जुना लॅपटॉप घेतला आणि पहिल्याच तासाला आण्णा खालून एक स्टूल घेऊन वर आले.

"मी कॅमेऱ्यात येत न्हाई," ते म्हणाले. "हितं कडंला बसतो. तू तुजं चालू दे."

मला वाटलं, एक दिवस बसतील आणि कंटाळून खाली जातील. सिग्नल्स अँड सिस्टिम्स हा विषय ऐकून भले भले कंटाळतात. पण आण्णा रोज यायला लागले. सकाळी धारा काढून, आंघोळ करून, इस्त्रीचा शर्ट घालून यायचे. वर्गातली बाकीची मुलं हजेरी लावून झोपी जायची. कुणी फोन चालू ठेवून रानात जायचं. मला साधी मान वळवता यायची नाही. बाजूला स्टुलावर पाठ ताठ ठेवून एक माणूस बसलेला असायचा, आणि तास संपला की त्याचे प्रश्न सुरू व्हायचे.

"ह्ये कन्व्होल्यूशन म्हंजे नेमकं काय गं?"

"आण्णा, ते गणित आसतं. एक सिग्नल दुसऱ्यावरनं सरकवायचा..."

"कशाला सरकवायचा?"

कशाला ते मला माहीत नसायचं. मग मी पुस्तक उघडायची, त्यांना काहीतरी समजेल असं शोधायची, आणि आई खालून हाक मारेपर्यंत आम्ही दोघं त्यात अडकलेलो असायचो. आण्णांचं शिक्षण दहावीपर्यंतचं. इंटिग्रेशनचं चिन्ह आलं की ते गप्प व्हायचे आणि ते सरून जायची वाट बघायचे. पण वाक्यातला जो भाग कळेल तो घट्ट धरून ठेवायचे.

एकदा नेटवर्क हा विषय शिकवणारे सर मुलांची नावं घेऊन प्रश्न विचारत होते. त्यांनी पडद्यावर एक सर्किट दाखवलं, रेझिस्टन्स आणि त्याच्यापुढे कपॅसिटर, आणि माझं नाव पुकारलं. हा कोणता फिल्टर? मी माइक चालू केला. उत्तर मला येत नव्हतं, म्हणून मी खोकले. तेवढ्यात बाजूनं आण्णा मोठ्यांदा म्हणाले, "लो पास!"

सर थांबले. "कोण बोललं?"

"वडील आहेत, सर," मी म्हणाले. दुसरं काय म्हणणार?

सर मनापासून हसले. "बरोबर आहे, काका. लो पासच. ऐकताय म्हणजे तुम्ही. आमची पोरं तर झोपलीत."

वर्गाच्या ग्रुपवर त्या दिवशी माझी खूप थट्टा झाली. त्याचं मला फारसं काही वाटलं नाही. मी बघत होते ती आण्णांकडे. ते खाली जाऊन आईला सांगत होते, "आगं, सरांनी काका म्हनलं मला! बरोबर हाय म्हनलं!" आई भाकरी थापत होती. ती म्हणाली, "आवं, मग परीक्षेलाबी तुमीच बसा." आण्णा हसता हसता चुलीजवळच बसले. फौजेतून आल्यापासून त्यांना इतकं खूश मी पाहिलं नव्हतं.  आणि ही शाखा मला नको आहे, हे मात्र मला तोवर हळूहळू कळायला लागलं होतं. सत्र संपलं की कधीतरी बोलू, शाखा बदलून मागू, असं मनात घोळत होतं. त्या दिवसापासून ते बोलायची सोयच राहिली नाही.

तिसऱ्या वर्षी कॉलेज उघडलं. गावातून आष्टा, आष्ट्यातून एसटीनं सांगली. उसाचा सीझन सुरू झाला की तुंग गावाच्या पुढं बस हमखास ट्रॅक्टरच्या मागं अडकायची. दोन दोन ट्रॉल्या जोडलेल्या, ऊस बाहेर आलेला, ना त्याला बाजू देता यायची ना आम्हाला पुढं जाता यायचं. खिडकीजवळ बसून मी सूत्रं पाठ करायची. सकाळी जाताना तीच सूत्रं, संध्याकाळी येतानाही तीच. समोर तोच उसाचा भारा. घरी पोचले की आण्णा दारात. "आज काय झालं?" चहाआधी हा प्रश्न.

पालकांच्या बैठकीला ते फौजेतला कोट घालून आले. बैठक संपल्यावर मला म्हणाले, "लॅब दाव की." मी त्यांना कम्युनिकेशनच्या लॅबमध्ये नेलं. एका टेबलावर ऑसिलोस्कोप चालू राहिला होता, पडद्यावर हिरवी लाट पळत होती. आण्णा तिच्यासमोर हात मागे बांधून उभे राहिले. मग तिथल्या मॅडमना विचारलं, "हात लावू का?" मॅडमनी मान हलवली. आण्णांनी एक बटण हळूच फिरवलं. लाट लांबली. उलटं फिरवलं, लाटा दाट झाल्या. ते पुन्हा पुन्हा तेच करत राहिले. त्या खोलीत मी आठवड्यातून दोन दिवस उभी असायची, घड्याळाकडे बघत. त्यांना तिथून निघवेना.

त्याच सत्रात इलेक्ट्रोमॅग्नेटिक्स होता. हवेतून लहरी कशा जातात त्याचं गणित. डोळ्याला काही दिसत नाही, हाताला काही लागत नाही, फक्त पानभर चिन्हं. मी सिद्धता पाठ केल्या. अगदी स्वल्पविरामासकट पाठ केल्या. पेपरात गणितं थोडी फिरवून विचारली होती आणि मला एकही सुरू करता आलं नाही. पहिला तास संपायच्या आत मी उत्तरपत्रिका बंद करून बसले होते.

निकाल आण्णांनीच आधी बघितला, त्यांच्या फोनवर. दुपारची वेळ होती. मी गोठ्यात म्हशींना पाणी दाखवत होते. ते दाराशी येऊन उभे राहिले. त्यांच्या चेहऱ्यावर राग नव्हता. अगदी समजुतीनं म्हणाले,

"आपला एक विषय राहिला."

ते रागावले असते तर मी रडले असते, आणि तिथंच संपलं असतं. पण त्या 'आपला' शब्दानं माझं डोकं फिरलं.

"आपला न्हाई, आण्णा. माजा राहिलाय. पेपर मी दिला. तुमी न्हाई."

"व्हय, तसंच म्हनायचं हुतं मला."

"न्हाई, तसं न्हाई म्हनायचं तुमाला. तुमाला वाटतं दोघं मिळून शिकतोय आपन. मला न्हाई शिकायचं ह्ये. कवाच नव्हतं शिकायचं."

बादली माझ्या हातात तशीच होती. आण्णा आत आले, गव्हाणीच्या कडेला टेकले आणि त्यांनी विचारलं, "मग काय शिकायचं हुतं तुला?"

टोमणा नव्हता त्यात. त्यांना खरंच ऐकायचं होतं. ते माझ्या तोंडाकडे बघत थांबले.  चित्रकला म्हणावं तर हात चालत नाही. शेती म्हणावं तर तिचा कंटाळा. इतके दिवस मी मनात म्हणत आले होते, की ह्यांनी मला ह्यात कोंडलंय. आता त्यांनी ते दार उघडलं होतं आणि मला जायला गावच नव्हतं.

"ठाऊक न्हाई," मी म्हणाले.

आण्णा उठले आणि गेले.

त्यानंतर त्यांनी विचारणं बंद केलं. मी घरी आले की ते म्हणायचे, "आलीस? जेव." बस. अभ्यासाचा शब्द नाही. स्टूल माडीवरून खाली आलं, त्यावर आई निवडणं टिपणं करायला लागली. मला सुटल्यासारखं वाटायला हवं होतं. झालं उलटंच. राहिलेल्या विषयाची तयारी करायला बसले, की एक पान वाचायचं आणि पुढचं वाचताना मागचं जायचं. कुणीतरी 'कशाला?' विचारतंय म्हणून मी आजवर शोधत होते, हे तेव्हा लक्षात आलं. पण आता जाऊन आण्णांना बोलावणं मला जमेना. आई एकदा जेवताना म्हणाली, "आवं, दोघांपैकी कुनीतरी बोला की. म्हसरं बरी तुमच्यापेक्षा." तरी आम्ही खाली मान घालून जेवत राहिलो.

फेरपरीक्षेच्या वेळी एसटीचा संप होता. आण्णांनी न विचारता मोटारसायकल बाहेर काढली. थंडी होती. मी मागे बसले, बॅग दोघांच्या मध्ये. डिग्रज गाव मागं पडलं. मग आण्णा रस्त्यावरची नजर न काढता म्हणाले,

"मला नोकरी आवडत नव्हती."

मला नीट ऐकू आलं नाही. "काय?"

"फौज. आवडत नव्हती, म्हनलं. लय नकोशी वाटायची. सुट्टी सपली की गाडीत बसताना पाय जड व्हायचं. पर जायचो. दुसरं काय करनार हुतो?"

 घरात त्यांचे फोटो आहेत, गणवेशातले. प्रत्येक सव्वीस जानेवारीला ते शाळेच्या झेंडावंदनाला पहिल्या रांगेत असतात.

"मग मला कशाला घातलंत ह्यात?" मी विचारलं. मोटारसायकलवर तोंड दिसत नाही, म्हणून विचारता आलं.

त्यांनी गाडीचा वेग कमी केला. "आमी वायरलेसचा सेट चालवायचो. बिघडला की वर्कशॉपला धाडायचा, उघडायची परवानगी नव्हती. जलमभर भायेरनंच बघितला. आत काय चालतंय ते बघनारी मानसं येगळीच. साहेब लोक. मला वाटायचं, नोकरी नकोशी हाय कारन आपन भायेर हाय. आत आसतो तर आवडली आसती." मग म्हणाले, "तुला आत धाडलं. पर तुला तितंबी न्हाई आवडलं, व्हय न्हवं?"

"न्हाई, आण्णा."

"हां," ते म्हणाले. नुसतंच 'हां'. कृष्णेच्या पुलावर गर्दी होती, त्यांनी पाय टेकवून गाडी थांबवली आणि आम्ही पुढची वाहनं हलायची वाट बघत राहिलो.

त्या दिवशी पेपर मला काही फार चांगला गेला नाही, पण काठावर सुटले. त्यापुढचं वर्षही केलं. प्रोजेक्ट केला, तोंडी परीक्षा दिल्या, पदवी घेतली. सोडून द्यावं असं कित्येकदा वाटलं, पण सोडून कुठं जायचं हे कळलं नाही, म्हणून पूर्ण केलं. आण्णा पुन्हा माडीवर आले नाहीत. मात्र प्रोजेक्टच्या वेळी मी स्वतःच एकदा बोर्ड घेऊन खाली गेले आणि म्हणाले, "हितं धरा जरा." त्यांनी दोन बोटांनी बोर्ड धरला. मी सोल्डरिंग करत होते. "चटका बसंल, बोटं लांब ठेवा," मी म्हणाले. त्यांनी ठेवली. कशाला धरायचंय, हे त्यांनी विचारलं नाही आणि मलाही सांगवलं नाही.

आता मी साताऱ्यात असते. एमआयडीसीतल्या एका छोट्या कंपनीत इलेक्ट्रॉनिक बोर्ड तपासायचं काम करते. बोर्ड येतो, मी तो जिगवर, म्हणजे तपासणीच्या साच्यावर, बसवते, दिवे बघते, बरोबर असेल तर हिरव्या पेटीत, नसेल तर लाल पेटीत. शेजारी शेजारी टेबलं आहेत आणि खिडकीला जाळी आहे. नातेवाईक विचारतात, आवडतं का काम? मी म्हणते, जमतं. हे उत्तर सगळ्यांना चालतं. रविवारी सकाळी अजिंक्यताऱ्यावर चढते, वरून शहर बघते, उतरताना बाजार करते, आणि सोमवारी पुन्हा जिगसमोर बसते. कधी कधी वाटतं, आण्णांचा गोठ्यातला प्रश्न विचारायला इथं कुणी नाही, तर मीच मला विचारावा. विचारते. उत्तर अजून येत नाही. पण पूर्वी मी लगेच दुसऱ्या विचाराला लागायची, आता थोडी थांबते.

मागच्या महिन्यात मॅनेजरांनी बोलावलं. कायम करतो म्हणाले, तीन वर्षं नोकरी न सोडण्याच्या करारावर सही द्या. सगळेजण तिथल्या तिथं सही करतात. मी म्हणाले, मला विचार करायला वेळ पाहिजे. त्यांनी चष्म्यावरून माझ्याकडे असं बघितलं, की मी काहीतरी चुकीचं बोलले असेन असंच मला वाटलं. संध्याकाळी खोलीवर येऊन घरी फोन लावला. आईनं म्हशीचं सांगितलं, मग फोन आण्णांकडे दिला. मी त्यांना करार सांगितला, सही न करता वेळ मागितलाय तेही सांगितलं. पलीकडे खरखर झाली. मला वाटलं रेंज गेली.

"आण्णा?"

"हाय, हाय. ऐकतोय." मग घसा खाकरून म्हणाले, "किती दिस मागितलंस?"

"पंधरा."

"कमी मागितलंस," आण्णा म्हणाले. "महिना मागायचा."