केरसुणी घेऊन पळणारी बाई

कोयनानगरच्या वसाहतीतली एक बाई हातात केरसुणी घेऊन घरातून पळत बाहेर येते आणि कॅमेरा गदागदा हलतो. एवढं बघून मी त्या चित्रणावर ‘भूकंप’ अशी चिठ्ठी चिकटवली. भूकंपात माणूस हाताला लागेल ते घेऊन पळतं, हेही दिग्दर्शकाला समजावून दिलं. माहितीपटांसाठी जुनी चित्रणं हुडकून देणं हा माझा धंदा. घरात मला माझा चष्मा सापडत नाही, ही गोष्ट वेगळी.

कोयनेवरचा माहितीपट त्याच दृश्यानं सुरू करायचं ठरलं. सांगलीतला पहिला खेळ आठवड्यावर आला, तेव्हा मी परवानगीची सही घ्यायला साताऱ्याला गेलो. रीळ धरणावरच्या एका निवृत्त मेकॅनिकचं होतं. बाई म्हणजे त्यांची बायको. ती जाऊन बरीच वर्षं झालेली; हलती-चालती अशी ती आता या रिळातच उरली होती.

चहा घेताना मी कौतुक केलं, की भूकंपातही तुम्ही कॅमेरा सोडला नाहीत.

“भूकंप कुठला? माकडानं कुरडया पळवल्या, त्याच्या मागं लागलीया ती. मला हसू आवरंना, म्हणून कॅमेरा हलला. भूकंपात मी कॅमेरा धरीन व्हय? तिला धरीन का न्हाई?”

वर म्हणाले, लेकीला घेऊन सांगलीला येणार, तिच्या आईला मोठ्या पडद्यावर बघायचंय. कागदावर ‘भूकंपाचं दृश्य’ असं छापलेलं, तो न वाचताच सहीला पेन मागू लागले. कागद चुकीचा आणलाय, अशी थाप मारून मी उठलो.

एसटीत बसलो. दिग्दर्शकाला फोन लावून माकडाचं सांगितलं, तर तो म्हणाला, “कुणाला कळणारय?”

“त्यांना कळंल की. पहिल्या रांगेत बसणारेत.”

सही नाही, तर दृश्यही नाही, असं मी बोलून बसलो. आवाज इतका कापत होता, की कंडक्टरनं वळून बघितलं. पलीकडून फोन कट. पुढं दोन दिवस मी मोबाइल उशाशी घेऊन लोळत होतो. काम गेलं, हे धरूनच चाललो होतो. त्याहून वाईट म्हणजे, अंधारात बसलेले म्हातारबा आणि पडद्यावर घाबरून पळणारी त्यांची बायको, हे डोळ्यांपुढून हलेना.

तिसऱ्या दिवशी फोन आला. दिग्दर्शक धुसफुसतच म्हणाला, माकडाची हकिकत त्यांच्याच आवाजात घेऊन ये, वसाहतीच्या भागात टाकू.

खेळाच्या दिवशी मी पडदा बघितलाच नाही, म्हातारबांची पाठ बघत होतो. लोक हसले. म्हातारबांचे खांदे हलत होते, पण हसून की रडून, ते मागून कळेना. दिवे लागल्यावर त्यांनी मला जवळ बोलावलं.

“शेवटाला बघितलंसा? हसलो म्हणून माझ्यावर वरडतीया. लय दिवसांनी.”

घरी आल्यावर हे सगळं बायकोला सांगितलं.

“आपल्या लग्नाच्या कॅसेटमध्ये मी रडतेय, असं इतकी वर्षं आल्यागेल्याला दाखवताय,” ती म्हणाली. “होमाचा धूर गेला होता डोळ्यांत. एकदा मला विचारायचं तरी.”